फाटकापुढील जागा

‘धरणे’ हा शब्द आपण मराठी माणसे इतक्या सहजपणे वापरतो की, त्याच्या पोटात एके काळी केवढी कडक शिस्त होती याची आपणांस आठवणही राहिलेली नाही. ज्याचे येणे थकले असेल त्याने देणेकऱ्याच्या दारी जाऊन बसावे आणि चुकते होईपर्यंत उठू नये, एवढाच त्याचा अर्थ नव्हता. बसणाऱ्याने अन्न वर्ज्य करावयाचे, आणि तो दारात उपाशी असेपर्यंत आतल्या धन्यानेही जेवावयाचे नाही, असा तो दुहेरी दंडक होता. १८०९ साली दौलतराव शिंद्यांच्या छावणीत ब्रॉटन नावाचा एक इंग्रज लष्करी अधिकारी होता. त्याच्या पत्रांत या चालीचे वर्णन आहे, आणि खुद्द महाराजांचीही तीतून सुटका नसे, असे त्यावरून दिसते. धरणेकरी आपल्या पोटास चिमटा घेऊन दुसऱ्याच्या दाराशी बसे. त्यामुळे फुकाचे धरणे कोणी धरीत नसे, आणि खरे धरणे फार दिवस चालतही नसे.

पुढे इंग्रजी राज्यात १८६० ची दंडसंहिता झाली, आणि तिच्या ५०८ व्या कलमाखाली उदाहरण म्हणून नेमके हेच धरणे घालण्यात आले. दुसऱ्याच्या दारी बसून त्याच्यावर देवाचा कोप ओढवेल असे त्यास भासविणे हा गुन्हा ठरला. कायदा करणाऱ्यांस त्यात देवाच्या भीतीखेरीज दुसरे कसलेच बळ दिसले नाही, याचे आम्हांस नेहमी नवल वाटते. आजच्या कारखानदाराच्या दारी शंभर माणसे बसली, तर त्याला देवाची भीती वाटत नाही. वाटते ती मालाच्या गाडीची. गाडी बाहेर पडेल की नाही, हा त्याचा प्रश्न. आणि आत जेवणारा जेवतच असतो.

आमच्यासारख्या पांढरपेशा घरांत या विषयावर एक वाक्य फार लोकप्रिय आहे. “मागण्या खुशाल करा, घोषणा द्या; पण लोकांचे दार अडवू नका.” हे वाक्य आम्ही दिवाणखान्यांत ऐकले आहे, आगगाडीत ऐकले आहे, आणि ते बोलणाऱ्यांत बँकेच्या संपात स्वतः दार धरून उभे राहिलेले एक सेवानिवृत्त गृहस्थही होते. वाक्य चुकीचे आहे असे नाही. परंतु त्यात एक गोष्ट गृहीत धरली आहे, ती अशी की मागणी करावयास दाराखेरीज दुसरी जागा आहे.

पूर्वी ती होती. गिरणगावात गिरणीच्या भिंतीस लागून चाळी होत्या. पाळी सुटली की तीच माणसे चाळीच्या जिन्यात, खानावळीत, व्यायामशाळेत, गणपतीच्या मांडवात एकमेकांस भेटत. १९२८ सालच्या एप्रिलपासून ऑक्टोबरपर्यंत मुंबईचे सुमारे दीड लाख गिरणी कामगार संपावर राहिले, ते केवळ गिरणीच्या दारावरील भाषणांवर नव्हे. सारी वस्तीच त्यांची सभा होती. आजचा कामगार पंचवीस-तीस मैलांच्या परिघात विखुरलेला असतो. कोणी भाड्याच्या एका खोलीत चौघांत राहतो, कोणी गावाहून एस.टी.ने येतो, कोणास कंपनीची बस उचलते आणि कंपनीचीच बस सोडते. पाळी बदलण्याच्या वीस मिनिटांत, फाटकापुढच्या काही हात जमिनीवर, ही माणसे काय ती एकत्र येतात. ‘द्वारसभा’ हा शब्द कामगारांच्या भाषेत रुळला तो उगाच नव्हे. फाटकाच्या आत तर त्यांना सभेचा हक्कच नाही. मालकाच्या जागेत त्याच्या परवानगीवाचून सभा भरविता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९६९ साली रेल्वेच्या एका खटल्यात स्पष्ट केले. त्याच्या आधी, १९६२ साली, त्याच न्यायालयाने शांततामय निदर्शन हा भाषणस्वातंत्र्याचा भाग आहे असे म्हटले होते, आणि त्याच निर्णयात संप हा मूलभूत हक्क नव्हे असेही म्हटले होते. आत बोलावयाचे नाही, बाहेर बोलावयास मुभा आहे. म्हणजे सारा हक्क येऊन उभा राहतो तो फाटक आणि सडक यांच्या मधल्या पट्टीवर. आणि नेमकी तीच पट्टी मालाच्या गाडीसही हवी असते.

हा प्रश्न पुस्तकातून उठून आमच्या घरात आला तो आमच्या मेहुण्यांमुळे. पुण्याच्या उत्तरेस जी कारखान्यांची वसाहत पसरली आहे, तीत त्यांचा मोटारीच्या सुट्या भागांचा लहानसा कारखाना आहे. गृहस्थ सज्जन, स्वतः यंत्रावर काम करून वर आलेले. आठ-आठ वर्षे काम केलेल्या सात कंत्राटी कामगारांस त्यांच्या ठेकेदाराने एका पंधरवड्यात कमी केले. कामगारांचे म्हणणे, आम्ही संघटनेत नाव घातले म्हणून काढले. मेहुण्यांचे म्हणणे, काम कमी झाले म्हणून काढले, आणि काढले तेही ठेकेदाराने, आपण नव्हे. खरे कोणते याचा निवाडा करण्याचे आम्ही मनावर घेतले नाही. एवढे मात्र खरे की ठेकेदार ही मोठी सोयीची भिंत आहे. तिच्या आड उभे राहिले की दोन्ही हात मोकळे राहतात.

चौथ्या दिवशी फाटकासमोर मांडव पडला. सहाव्या दिवशी गाड्या अडल्या.

गाडी अडणे म्हणजे काय, हे आमच्यासारख्या कागदावर जगणाऱ्यास सहसा उमगत नाही. मोटारी बांधणाऱ्या मोठ्या कंपन्या हल्ली सुट्या भागांचा साठा करीत नाहीत. काही तासांपुरताच माल त्यांच्यापाशी असतो, आणि पुढचा माल सांगितल्या घटकेस दारात यावा लागतो. तो आला नाही तर त्यांची सारी रांग थांबते आणि थांबलेल्या प्रत्येक मिनिटाचा भुर्दंड माल पुरविणाऱ्याच्या बिलातून वळता होतो. एका रात्रीत वर्षाचा नफा जाऊ शकतो, आणि पुढल्या वर्षीचे काम दुसऱ्याकडे जाते ते वेगळेच. काम गेले तर आतले दीडशे कामगारही जातात. त्या रात्री मेहुण्यांचा आम्हांस फोन आला. आम्ही धरणे, निदर्शन, नागरिकांचे हक्क असे काही बोलू लागताच ते म्हणाले, “भाऊजी, तुम्ही पुस्तकं वाचता, मला सकाळी सहाला माल पोचवायचा आहे.” यावर आमच्यापाशी उत्तर नव्हते, आणि त्या घटकेस ते कोणापाशीही असते असे आम्हांस वाटत नाही.

दुसरी बाजू निर्मळ होती असेही नाही. हिशेबखात्यात काम करणाऱ्या दोन मुलींस फाटकापर्यंत दोन्ही बाजूंच्या रांगांमधून, शिट्या आणि टोमणे ऐकत, चालावे लागले. एका टेम्पोची पुढची काच फुटली. टेम्पोवाला ना मालकाचा ना ठेकेदाराचा. गाडी कर्जावर घेतलेला बिचारा त्रयस्थ. अशा वेळी ‘कामगारांचा रोष’ असे गोळाबेरीज नाव देऊन पुढे जाणारे आमचे काही लेखक मित्र आहेत. त्यांस आम्ही १९१८ च्या अहमदाबादची आठवण करून देतो. गिरणीमालक अंबालाल साराभाई एका बाजूस आणि त्यांच्या सख्ख्या भगिनी अनसूयाबेन कामगारांच्या बाजूस, अशा त्या विलक्षण लढ्यात गांधीजींनी कामगारांकडून ज्या अटी कबूल करून घेतल्या, त्यांत दंगा न करण्याची होती आणि कामावर जाणाऱ्यास त्रास न देण्याचीही होती. पुढे १९२१ साली कलकत्त्याच्या विद्यार्थ्यांनी वाटेत आडवे पडून इतरांस अडविले, तेव्हा त्यांनी त्यास रानटीपणा म्हणून धिक्कारले. आणि अहमदाबादेत मालकांवर आपल्या उपोषणाचे दडपण आले, हा त्यातला दोष त्यांनी आत्मचरित्रात आपणहून नोंदविला आहे. मन वळविणे कोठे संपते आणि पिरगाळणे कोठे सुरू होते, याचा एवढा बारीक हिशेब ठेवणारा पुढारी विरळा.

असो. मेहुणे न्यायालयात गेले, आणि दोन दिवसांत अंतरिम मनाई हुकूम आला. फाटकापासून शंभर मीटरच्या आत मांडव, सभा, घोषणा काही नाही. असे हुकूम आपल्याकडे नवे नाहीत. कोठे पन्नास मीटर, कोठे शंभर, कोठे त्याहूनही अधिक. पोलीस येऊन टेपेने अंतर मोजून गेले.

पुढल्या रविवारी आम्ही त्या बाजूस गेलो होतो, तेव्हा ही शंभर मीटरांची हद्द पाहावयास मुद्दाम थांबलो. सडक तेथे वळते. वळणापलीकडे एक वजनकाटा आहे, त्याच्या कुंपणास लागून दोन बाभळी. त्यांच्याखाली ताडपत्री टाकून नऊ-दहा माणसे बसली होती. फाटक तेथून दिसत नव्हते. फाटकातून निघणारा माणूस त्यांना दिसत नव्हता आणि त्याला ते दिसत नव्हते. कंपनीची बस समोरून गेली ती पडदे ओढून. फलक होता, पण तो वाचणार कोण? वजनाला थांबलेले ट्रकवाले. त्यांतला एक तरुण कामगार आम्हांस म्हणाला, “काका, इथं बसलो काय अन् घरी बसलो काय, सारखंच की.” आम्ही कोण, कोणाचे नातलग, हे त्यास आम्ही सांगितले होते, तरी त्याने चहा पाजल्याशिवाय सोडले नाही.

माल वेळेवर जाऊ लागला, ही गोष्ट उघडच चांगली झाली. पण तिच्यामागून दुसरी गोष्ट आली, ती हुकमात कोठे लिहिलेली नव्हती. बोलणी थांबली. सहाव्या दिवशी मध्यरात्री मालक, ठेकेदार, युनियनचे चिटणीस आणि कामगार खात्याचे अधिकारी एका टेबलाशी बसले होते. हुकूम आल्यानंतरच्या तीन आठवड्यांत ते एकदाही बसले नाहीत. बसण्याची घाई कोणास होती? दावा रीतसर दाखल होता, तारीख पडली होती. आपल्या न्यायालयांत अंतरिम हुकूम हा बहुधा शेवटचाच हुकूम ठरतो. मूळ दाव्याचा निकाल लागेतोवर मांडवातली माणसे दुसऱ्या कामास लागलेली असतात.

या जागी एक जुनी हकीकत सांगणे अवश्य आहे. १९२०-२१ साली मद्रासेस बकिंगहॅम आणि कर्नाटिक गिरण्यांत तंटा झाला, तेव्हा कंपनीने कामगारांचे पुढारी बी. पी. वाडिया व त्यांचे सहकारी यांच्यावर दावा लावला आणि उच्च न्यायालयाकडून मनाई हुकूम मिळविला. गुन्हा कोणता? कामगारांस कामाचा करार मोडावयास प्रवृत्त करणे. तसे पाहिले तर प्रत्येक संपाचे पहिले भाषण हेच करते. म्हणजे संघटना हीच दिवाणी चूक ठरावयाची वेळ आली. इंग्लंडात टॅफ व्हेल रेल्वेच्या १९०१ च्या निकालाने हेच झाले होते, आणि तेथे १९०६ चा कायदा होऊन शांततेने दार धरण्यास संरक्षण मिळाले. आपल्याकडे मद्रासच्या हुकमानंतर ही गोष्ट ज्यांनी मध्यवर्ती विधिमंडळात धसास लावली, ते आपलेच नारायण मल्हार जोशी. त्यांनी १९२१ साली ठराव आणला आणि १९२६ साली कामगार संघांचा कायदा झाला. औद्योगिक तंट्याच्या ओघात केलेले कृत्य कोणाच्या व्यापारधंद्यात व्यत्यय आणते, एवढ्याच कारणाने संघावर दिवाणी दावा चालणार नाही, असे त्याचे १८ वे कलम सांगत होते. हा कायदा आता इतिहासजमा झाला. २०२० ची औद्योगिक संबंध संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आली आणि तिने तो रद्द केला. तथापि ही ढाल नव्या संहितेतही उतरली आहे. तिच्याबरोबर चौदा दिवसांची आगाऊ सूचना दिल्यावाचून संप नाही हा निर्बंधही प्रत्येक औद्योगिक आस्थापनेस लागू झाला. टाळेबंदी करणाऱ्या मालकासही तो आहे. लोअर परळच्या ज्या रस्त्यास जोशांचे नाव आहे, त्यावरून रोज जाणाऱ्या किती जणांस हे सारे ठाऊक असेल!

धंद्यात व्यत्यय येणे हा स्वतःच अपराध नव्हे, हे तत्त्व त्या कलमात होते. ज्याने कोणाचेच काही अडत नाही असा संप म्हणजे रजा. मुंबईच्या विधिमंडळात १९३८ साली औद्योगिक तंट्यांच्या विधेयकावर बोलताना डॉ. आंबेडकरांनी हाच मुद्दा मुळाशी जाऊन मांडला होता: संप हा फार तर कराराचा भंग, त्यास फौजदारी गुन्हा करणे म्हणजे माणसास इच्छेविरुद्ध राबविणे. त्या विधेयकाविरुद्ध ७ नोव्हेंबर १९३८ रोजी एक दिवसाचा संप झाला, आणि त्यात त्यांचा पक्ष व साम्यवादी कामगार पुढारी एका व्यासपीठावर आले. पण व्यत्यय आणि वेढा यांत अंतर आहे. १९६७ साली बंगालच्या मजूरमंत्र्यांनी, घेरावाच्या प्रसंगी आपणांस विचारल्यावाचून पोलिसांनी मध्ये पडू नये असे फर्मान काढले. कलकत्ता उच्च न्यायालयाने त्याच वर्षी ते रद्द केले, आणि योग्यच केले. कोंडलेल्या व्यवस्थापकास पाणी न देणे ही वाटाघाट नव्हे. आपल्या महाराष्ट्राने १९७१ च्या कायद्यात घेराव, मालकाच्या राहत्या घरापुढील निदर्शने, आणि संपात नसलेल्यास आत शिरता येऊ नये अशा रीतीने दार धरणे, या गोष्टी संघांच्या अनुचित प्रथांत घातल्या. आणि त्याच कायद्यात मालकांच्या अनुचित प्रथांचीही यादी जोडली. ती दुसरी यादी मांडवातल्या माणसांस तोंडपाठ असते, पहिली मालकांस. दोन्ही वाचलेला मनुष्य आम्हांस अद्याप भेटावयाचा आहे.

आता आमचे मत. न्यायालये अंतर मोजतात, तेथेच घोटाळा होतो. मालकाचा हक्क कशाचा? येण्याजाण्याचा. गाडीस लागते ती बारा-पंधरा फुटांची रुंदी, माणसास चार फुटांची. शंभर मीटरांची त्रिज्या कोणत्याही गाडीस लागत नाही. ती लागते केवळ आवाज ऐकू येऊ नये, तोंड दिसू नये यासाठी. आणि न दिसण्याचा हक्क कारखानदारास कोणत्या कायद्याने दिला हे आम्हांस सापडलेले नाही. वाट मोकळी ठेवावयाची असेल तर वाटेची आखणी करावी. फाटकाच्या दोन्ही बाजूंस चुन्याच्या रेघा ओढाव्यात, रेघेच्या आत कोणी पाय ठेवला तर त्यास उचलावे, आणि रेघेबाहेर त्यांना बसू द्यावे. इंग्लंडात १९८० साली एका दारी सहापेक्षा अधिक निदर्शक सहसा असू नयेत असा संकेत घालण्यात आला. संख्या आम्हांस थोडी वाटते, परंतु निदान ते सहा जण दारात असतात, वळणापलीकडे नसतात. सार्वजनिक सडकेवर सभा नियमनास पात्र आहे, पण सरसकट बंद करता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७३ साली अहमदाबादच्या एका प्रकरणात म्हटलेच आहे.

आणि हुकमाबरोबर एक अट असावी. ज्यास आपले दार मोकळे करून हवे, त्याने ठरल्या दिवशी बोलावयास बसावे. न बसला तर हुकूम आपोआप सुटावा. ही कल्पना वकिलांस भाबडी वाटेल, आमच्या ओळखीच्या एका वकिलांस वाटलीच. परंतु जुन्या धरण्यात आतल्या धन्यासही उपास पडे, तो याच कारणासाठी. नाही तर एका बाजूचाच उपास चालू राहतो. १८ जानेवारी १९८२ पासून मुंबईच्या सुमारे अडीच लाख गिरणी कामगारांनी तो केला. त्यांच्या संपात दार अडविण्याचा प्रश्न लवकरच मागे पडला. कित्येक मालकांस दार उघडण्याचीच घाई नाही, असे तेव्हाही बोलले जाई. तो संप रीतसर कोणी मागे घेतलाच नाही, आणि त्या फाटकांच्या जागी आज काच आणि दिवे आहेत.

मेहुण्यांस आम्ही चुन्याच्या रेघांची गोष्ट सांगितली. ते हसले, पण नाही म्हणाले नाहीत. त्यांची अडचण निराळी होती: हुकूम आपणच मागितला, आता आपणच तो कमी करा म्हटले तर न्यायाधीश काय म्हणतील, आणि मोठी कंपनी काय म्हणेल? युनियनच्या चिटणिसांसही आम्ही तेच सांगून पाहिले. गाडीच्या वाटेत एक पाऊल पडणार नाही असे लिहून द्यावयास ते तयार झाले. टेम्पोच्या काचेचे पैसे मात्र द्यावयास तयार नव्हते, कारण काच आपल्या माणसाने फोडली हे त्यांस मान्य नव्हते. शेवटी ते पैसे दोघांत निम्मे वाटून घ्यावेत, येथपर्यंत गोष्ट आली आहे. सात जणांपैकी पाचांस परत घेण्याचे बोलणे चालू आहे, उरलेल्या दोघांवर अडले आहे. तारीख पुढल्या महिन्यातली आहे, आणि ताडपत्री अजून बाभळींखालीच आहे.